हातातले आणि हाताबाहेरचे: आपल्या आरोग्याची वही कशी मांडावी

शारीरिक तंदुरुस्तीवर परिणाम करणाऱ्या घटकांची विभागणी आपण शाळेपासून वाचत आलो आहोत. वय, लिंग आणि अनुवंश हे नियंत्रणाबाहेरचे घटक. आहार, व्यायाम, झोप आणि व्यसने हे नियंत्रणातले. विभागणी चुकीची नाही, पण तिचा उपयोग मात्र बहुधा चुकीचा केला जातो. पहिल्या यादीवर ‘आमच्या घराण्यातच आहे’ असा शेरा मारून ती बाजूला ठेवली जाते, आणि दुसऱ्या यादीतल्या सगळ्या गोष्टी १ जानेवारीला एकदम सुरू करून संक्रांतीपर्यंत सोडून दिल्या जातात.

या लेखात सुचवलेली पद्धत याच्या उलट आहे. जे बदलता येत नाही ते आधी आणि बारकाईने लिहून काढावे, कारण कोणती तपासणी कोणत्या वयात करायची, कोणत्या आकड्याला सावध व्हायचे आणि बदलण्याजोग्या गोष्टींपैकी कोणती आधी हाती घ्यायची, हे त्या पानावरूनच ठरते. त्यासाठी एक साधी वही, शिंप्याकडे असते तशी मोजपट्टी आणि घरातल्या वडीलधाऱ्यांशी बोलण्याइतका निवांत वेळ एवढेच पुरे आहे.

न बदलणाऱ्या गोष्टींचे पान

सुरुवात कुटुंबापासून करावी. आईवडील, सख्खी भावंडे, दोन्हीकडचे आजी-आजोबा, काका-आत्या आणि मामा-मावश्या अशी नावे एकाखाली एक लिहावीत आणि प्रत्येकापुढे आजार व तो लक्षात आला तेव्हाचे वय लिहावे. आजाराच्या नावाइतकेच वय महत्त्वाचे आहे. वडिलांना किंवा भावाला ५५ वर्षांच्या आत, अथवा आईला किंवा बहिणीला ६५ वर्षांच्या आत हृदयविकार झाला असेल, तर वैद्यकशास्त्रात त्याला अकाली हृदयविकाराचा कौटुंबिक इतिहास समजतात. आजोबांना ८२ व्या वर्षी आलेला झटका त्या तोलाचा नसतो.

ही माहिती विचारताना रोगांची नावे विचारून फारसे हाती लागत नाही. जुनी माणसे ‘छातीत कळ आली आणि गेले’, ‘एका बाजूवरून वारे गेले’, ‘पायाची जखम भरलीच नाही, शेवटी अंगठा काढावा लागला’ अशा भाषेत सांगतात. यातले पहिले बहुधा हृदयविकाराचे, दुसरे पक्षाघाताचे आणि तिसरे अनेकदा निदान न झालेल्या मधुमेहाचे वर्णन असते. सांगितलेले वाक्य जसेच्या तसे टिपून ठेवावे. त्याचा अर्थ डॉक्टर लावतील. आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. विवाहित स्त्रीच्या प्रकृतीचा वारसा तिच्या माहेराकडून आलेला असतो, पण सासरच्या घरात चर्चा सासरच्याच आजारांची होते. सासरची माहिती तिच्या नवऱ्याच्या आणि मुलांच्या वहीत जाईल. तिच्या स्वतःच्या पानासाठी माहेरीच चौकशी करायला हवी. आई, बहीण किंवा मावशी यांना स्तनाचा अथवा अंडाशयाचा, किंवा जवळच्या नातलगाला आतड्याचा कर्करोग झालेला असल्यास तोही वयासह लिहावा, कारण त्यावरून तपासणी सुरू करण्याचे वय अलीकडे आणावे लागते.

कुटुंबानंतर स्वतःचा जन्म. हा मुद्दा अनेकांना अनपेक्षित वाटेल, पण त्यावरचे जगभर नावाजलेले काम पुण्याच्या केईएम रुग्णालयात झाले आहे. डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पुण्याजवळच्या खेड्यांतील गरोदर स्त्रिया व त्यांची बाळे यांचा अभ्यास १९९३ मध्ये सुरू केला. तिथल्या नवजात बाळांचे सरासरी वजन सुमारे २.७ किलो, तर इंग्लंडमधील साउदॅम्प्टनच्या बाळांचे ३.५ किलो होते. मात्र वजनात एवढी तफावत असूनही पुण्याच्या बाळांच्या त्वचेखालची चरबी त्या मानाने फारशी कमी नव्हती. कमी होते ते स्नायू आणि इतर अवयव. पुढे २००४ मध्ये ‘द लॅन्सेट’ या नियतकालिकात डॉ. याज्ञिक आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन यांचे शेजारी-शेजारी उभे असलेले छायाचित्र छापून आले. दोघांचा बॉडी मास इंडेक्स, म्हणजे उंचीच्या मानाने वजन दाखवणारा बीएमआय, अगदी सारखा होता, २२.३, पण शरीरातील चरबीचे प्रमाण युडकिन यांच्यात ९.१ टक्के आणि याज्ञिक यांच्यात २१.२ टक्के निघाले. वजनकाट्यावर सडपातळ ठरणारा भारतीय माणूस आतून सडपातळ असेलच असे नाही, हे इतक्या नेमकेपणाने दाखवणारे दुसरे उदाहरण मला माहीत नाही. म्हणूनच आपल्याकडे बीएमआय २३ च्या वर गेला की वजन जास्त आणि २५ पासून स्थूलता धरतात. हेच आकडे युरोपीय लोकांसाठी २५ आणि ३० आहेत. आपले जन्मवजन आईच्या आठवणीतून किंवा जुन्या कार्डावरून मिळाले, आणि ते २.५ किलोपेक्षा कमी असले, तर वहीत लिहून ठेवावे.

स्त्रियांच्या पानावर आणखी दोन नोंदी असायला हव्यात. गरोदरपणात रक्तातील साखर वाढली होती का, ही पहिली. बाळंतपणानंतर साखर पूर्ववत झाली की ती गोष्ट विस्मरणात जाते, पण तो इतिहास आता बदलता येणारा नाही आणि त्यामुळे पुढे मधुमेह होण्याची शक्यता कायम वाढलेली राहते. अशा स्त्रीने दर एक ते तीन वर्षांनी आयुष्यभर साखर तपासून घ्यावी, अशी शिफारस आहे. दुसरी नोंद रजोनिवृत्तीच्या वयाची. पाळी थांबल्यानंतर इस्ट्रोजेन हे स्त्री-संप्रेरक घटते, हाडांची झीज वेग घेते आणि हृदयविकारापासून तोपर्यंत मिळणारे संरक्षणही ओसरू लागते.

वयाविषयी थोडक्यात. हृदयाचे ठोके परिश्रमात जास्तीत जास्त किती होऊ शकतात, हा आकडा वयाबरोबर उतरत जातो आणि कितीही सराव केला तरी तो वर नेता येत नाही. २२० मधून वय वजा करण्याचे प्रचलित सूत्र सरासरीपुरते ठीक असले, तरी एकेका व्यक्तीच्या बाबतीत ते दहा-बारा ठोक्यांनी सहज चुकते. म्हणून मनगटावरच्या घड्याळाने दिलेल्या ‘झोन’वर फार विसंबू नये. स्नायूही तिशीनंतर हळूहळू आणि साठीनंतर झपाट्याने कमी होतात. परंतु यातला फरक लक्षात घ्यावा: ठोक्यांची कमाल मर्यादा सरावाला दाद देत नाही, तर स्नायू सत्तरीतही देतात.

एका कोष्टकात दोन्ही बाजू

पान भरले की त्याचे वजन किती, हे पाहण्यासाठी एक उत्तम साधन उपलब्ध आहे. चेन्नईच्या मद्रास डायबिटीस रिसर्च फाउंडेशनमधील डॉ. व्ही. मोहन आणि सहकाऱ्यांनी २००५ मध्ये ‘इंडियन डायबिटीस रिस्क स्कोअर’ प्रसिद्ध केला. त्यात फक्त चार प्रश्न आहेत आणि रक्त द्यावे लागत नाही. मला तो आवडतो तो त्याच्या बांधणीमुळे: शंभरांपैकी ५० गुण न बदलणाऱ्या दोन घटकांना आणि ५० गुण बदलता येणाऱ्या दोन घटकांना दिलेले आहेत.

वय ३५ च्या आत असेल तर शून्य, ३५ ते ४९ असेल तर २० आणि ५० किंवा अधिक असेल तर ३० गुण. आईवडिलांपैकी कोणालाच मधुमेह नसेल तर शून्य, एकाला असेल तर १० आणि दोघांनाही असेल तर २०. कमरेचा घेर स्त्रियांत ८० सेंटिमीटरच्या आणि पुरुषांत ९० सेंटिमीटरच्या आत असेल तर शून्य. स्त्रियांत ८० ते ८९ व पुरुषांत ९० ते ९९ असेल तर १०. त्याहून अधिक असेल तर २०. नियमित व्यायाम आणि अंगमेहनतीचे काम दोन्ही असतील तर शून्य, दोन्हींपैकी एक असेल तर २० आणि बैठे काम असून व्यायामही नसेल तर ३०. बेरीज ६० किंवा अधिक आली तर धोका जास्त, ३० ते ५० असेल तर मध्यम आणि ३० च्या आत असेल तर कमी समजावा.

समजा, नाशिकच्या एका बँकेत काम करणाऱ्या ४२ वर्षांच्या स्त्रीच्या आईला मधुमेह आहे, तिच्या कमरेचा घेर ८८ सेंटिमीटर आहे आणि व्यायाम होत नाही. वयाचे २०, आईचे १०, कमरेचे १० आणि बैठेपणाचे ३० मिळून ७० गुण होतात, म्हणजे धोका जास्त. यातले ३० तिच्या हातात नाहीत. उरलेल्या ४० पैकी नियमित चालण्याने १० आणि कमर ८० च्या आत आणल्यास आणखी १० कमी होऊन ती ५० वर, म्हणजे मध्यम गटात येते. आता तिच्याऐवजी ५५ वर्षांचा एक पुरुष घेऊ, ज्याच्या आईवडिलांना दोघांनाही मधुमेह होता. त्याचे ५० गुण पहिल्या पानावरच नक्की झालेले आहेत. त्याने कमर ९० च्या आत ठेवली, रोज व्यायाम केला, तरी बैठ्या नोकरीत तो ७० वरच राहील. याचा अर्थ त्याच्या प्रयत्नांना किंमत नाही असा मुळीच नाही. शून्य प्रयत्नांत तो १०० वर असता. पण त्याने ‘मी रोज चालतो, मला काही होणार नाही’ या भरवशावर रक्ततपासणी टाळू नये, एवढे त्या ५० गुणांवरून निश्चित होते. हा स्कोअर निदान करत नाही. साखर तपासायला कोणी किती लवकर जावे, हे सांगतो.

गावाकडे आणि शहरांतल्या वस्त्यांत आशाताई ३० वर्षांवरील व्यक्तींसाठी जो तपासणीपूर्व फॉर्म भरून घेतात, तोही याच धाटणीचा असतो. त्यात वय व कौटुंबिक इतिहासाबरोबर कमरेचा घेर, तंबाखू, दारू आणि शारीरिक श्रम विचारलेले असतात. त्यांना टाळण्याऐवजी खरी उत्तरे द्यावीत. आरोग्य उपकेंद्रात रक्तदाब आणि साखर विनामूल्य तपासली जाते.

घरच्या घरी मोजमाप

बदलता येणाऱ्या गोष्टींचे पान आकड्यांनी सुरू करावे. कमरेचा घेर पँटच्या मापावरून लिहू नये, कारण आपल्याकडे पुरुषांची पँट पोटाच्या खाली बांधलेली असते आणि पोट कितीही वाढले तरी तिचे माप वर्षानुवर्षे तेच राहते. सर्वांत खालची बरगडी आणि कमरेच्या हाडाचा वरचा काठ यांच्या बरोबर मध्यावर पट्टी आडवी धरावी, श्वास सहज बाहेर सोडावा आणि पोट आत न ओढता आकडा वाचावा. आणखी सोपी कसोटी हवी असल्यास कमर आपल्या उंचीच्या निम्म्याहून कमी असावी.

रक्तदाब घरी मोजायचा असेल तर दंडावर बांधायचे स्वयंचलित यंत्र घ्यावे. मनगटाच्या यंत्रात हात जरा खालीवर झाला तरी आकडा फिरतो. मोजण्यापूर्वी अर्धा तास चहा, तंबाखू आणि जिना टाळावा, लघवीला जाऊन यावे, पाठ टेकवून व दोन्ही पाय जमिनीवर ठेवून पाच मिनिटे शांत बसावे आणि हात टेबलावर हृदयाच्या पातळीत ठेवावा. मांडी घालून बसून किंवा बोलत बोलत घेतलेला आकडा वहीत लिहू नये. सात दिवस सकाळ-संध्याकाळ दोनदोन वेळा मोजून, पहिला दिवस वगळून सरासरी काढावी. दवाखान्यात १४०/९० ही जी मर्यादा आहे, ती घरच्या मापनात १३५/८५ धरतात.

ताकदीसाठी हात नसलेली साधी खुर्ची पुरते. ती भिंतीला टेकवून ठेवावी, हात छातीवर घडी घालून पाच वेळा पूर्ण उभे राहून पुन्हा बसावे आणि लागलेला वेळ मोजावा. १२ सेकंद किंवा अधिक लागले तर पायांची कार्यक्षमता घटल्याची ती खूण आहे; आशियाई देशांतील तज्ज्ञांच्या गटाने २०१९ मध्ये ज्येष्ठांसाठी ठरवलेली ही मर्यादा आहे. चाळिशीतच एवढा वेळ लागत असेल, तर चालण्याआधी बैठकांकडे लक्ष द्यावे.

आधी काय बदलावे

तंबाखू असेल तर तीच आधी, यात मतभेदाला जागा नाही. सिगारेट आणि विडी यांचा उल्लेख सगळे करतात, पण आपल्याकडे चुना-तंबाखूचा बार आणि स्त्रियांमधली मशेरी यांना पुष्कळदा व्यसनच मानले जात नाही. ‘दात घासायला लावते’ असे सांगितले जाते. राज्यात गुटख्यावर २०१२ पासून बंदी असूनही तो मिळतो, हेही सर्वांना ठाऊक आहे. निकोटिनची ओढ केवळ मनोनिग्रहाचा प्रश्न नसतो, त्यासाठी औषधे आणि समुपदेशन उपलब्ध आहे. तंबाखू सोडण्यासाठीची राष्ट्रीय हेल्पलाइन १८००-११-२३५६ या क्रमांकावर निःशुल्क चालते.

त्यानंतरचा क्रम पहिल्या पानावरून लावावा. घरात मधुमेह असेल तर हालचाल आणि कमर. रक्तदाब व पक्षाघात असेल तर मीठ आणि झोप. हाडे मोडल्याचा इतिहास असेल किंवा पाळी थांबलेली असेल तर वजन उचलण्याचे व्यायाम, प्रथिने, कॅल्शियम आणि ड जीवनसत्त्व. एका वेळी एकच गोष्ट घ्यावी आणि ती तीन महिने टिकल्यावर दुसरी जोडावी.

हालचालीविषयी जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे मध्यम श्रमाची आणि त्याशिवाय किमान दोन दिवस स्नायूंच्या व्यायामाची आहे. मध्यम श्रम ओळखण्याची खूण अशी, की चालताना बोलता येते पण गाता येत नाही. भाजी आणायला रेंगाळत जाणे यात मोडत नाही. शिफारशीचा दुसरा अर्धा भाग मात्र आपल्याकडे सहसा गळून पडतो, विशेषतः स्त्रियांच्या आणि ज्येष्ठांच्या बाबतीत, आणि माझ्या मते भारतीय शरीररचनेला गरज त्याचीच जास्त आहे. जन्मापासून स्नायू कमी असलेल्या माणसाने केवळ चालण्यावर भागवू नये. तालमीतल्या जोर-बैठका यासाठी उत्तम आहेत. त्या न जमणाऱ्याने भिंतीला हात टेकून जोर आणि खुर्चीवरून बैठका अशी सुरुवात करावी. जेवणानंतर दहा-पंधरा मिनिटे शतपावली केल्यास जेवणानंतरची साखर कमी चढते, आणि त्यासाठी वेगळी वेळ काढावी लागत नाही.

बैठ्या कामाचा परिणाम किती, हे पहिल्यांदा ठळकपणे दिसले ते लंडनच्या दुमजली बसगाड्यांत. ब्रिटिश संशोधक जेरी मॉरिस यांनी १९५३ मध्ये दाखवले, की दिवसभर बसून राहणाऱ्या चालकांपेक्षा सतत जिने चढणाऱ्या कंडक्टरांमध्ये हृदयविकार कमी होता. ही गोष्ट इथेच थांबवून नेहमी सांगितली जाते. पण मॉरिस यांनी पुढे १९५६ मध्ये या कर्मचाऱ्यांच्या गणवेशांच्या मापांचा अभ्यास केला, तेव्हा चालकांच्या पँटचा कंबरपट्टा तरुण वयापासूनच मोठा असल्याचे आढळले. म्हणजे चालक आणि कंडक्टर यांच्यातला थोडा फरक नोकरीने घडवलेला नव्हता, तो ते बरोबर घेऊन आले होते. तरीही नंतरच्या विश्लेषणात सारख्याच बांध्याच्या माणसांमध्ये तुलना केल्यावर कंडक्टरांचीच बाजू चांगली राहिली. हातातले आणि हाताबाहेरचे वेगळे करणे संशोधकांनाही किती जड जाते, हे त्यावरून समजते.

स्वयंपाकघराची मोजणी ताटात करू नये, डब्यात करावी. मिठाचे एक किलोचे पाकीट फोडले की त्यावर तारीख लिहावी. प्रौढ माणसाला दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ असावे, म्हणजे चार प्रौढांच्या घरात महिन्याला फार तर ६०० ग्रॅम. पाकीट महिनाभरातच संपत असेल तर दरडोई रोज ८ ग्रॅमहून अधिक मीठ घरातूनच जाते, आणि बाहेरचा वडापाव, फरसाण व पाव यांतले त्यावर वेगळे. वर्षाचे लोणचे आणि पापड घालताना लागणारे मीठ निराळे धरावे. तेलाचेही असेच: महिन्याला लागलेले लिटर भागिले घरातली माणसे. दरडोई एक लिटर येत असेल तर ते दिवसाला तीस मिलिलिटरच्या घरात जाते, आणि बैठ्या माणसासाठी ते कमी करायला हवे. प्रथिनांचा हिशेब याच्या उलट दिशेने चुकतो. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या शिफारशीनुसार दर किलो वजनामागे रोज ०.८३ ग्रॅम प्रथिने हवीत, म्हणजे ६० किलोच्या माणसाला सुमारे ५० ग्रॅम. एका अंड्यात ६ ग्रॅम असतात; पातळ वरणाच्या वाटीत त्याहून कमी असू शकतात. घट्ट वरण, उसळ, पिठले, दही, शेंगदाणे, आणि चालत असल्यास अंडी व मासळी यांतून हा आकडा गाठता येतो, मात्र भात-पोळीचा वाटा तेवढा कमी करावा लागतो. उपवासाची साबुदाण्याची खिचडी या दृष्टीने अगदीच दुबळी आहे. तिच्यातली प्रथिने दाण्याच्या कुटातून येतात, साबुदाण्यातून जवळजवळ नाहीत.

झोप प्रौढांना किमान सात तास हवी. मोठ्याने घोरणे, मध्येच श्वास अडल्यासारखा होणे आणि दिवसा पेंग येणे ही लक्षणे एकत्र असतील तर तो स्वभाव नसून बहुधा स्लीप ॲप्निया, म्हणजे झोपेत श्वास अडण्याचा विकार, असतो. त्याची चाचणी करता येते आणि उपचारही होतात. औषधांना दाद न देणारा रक्तदाब पुष्कळदा त्यामुळेच असतो.

अर्धवट हातातल्या गोष्टी

दोन याद्यांत न बसणारे पुष्कळ काही उरते आणि त्यासाठी वहीत तिसरे पान ठेवावे. रात्रपाळी, एकत्र कुटुंबातला स्वयंपाक, घराजवळ पदपथ नसणे, शहरातली हवा, पैशाची ओढाताण. यांना नियंत्रणातले म्हणणे हा ज्यांच्यापाशी पर्याय नाहीत त्यांच्यावर अन्याय आहे, आणि नियंत्रणाबाहेरचे म्हणून सोडून देणे ही पळवाट आहे. इथे घटक बदलण्याऐवजी वेळ, जागा किंवा प्रमाण बदलता येते का, ते पाहावे. थंडीत पुणे-मुंबईची प्रदूषित हवा पहाटे जमिनीलगत साचून राहते, म्हणून त्या दिवसांत ऊन वर आल्यावर फिरायला जावे. मे महिन्यात चंद्रपूर-नागपूरकडे याच्या नेमके उलट, उजाडण्यापूर्वीच चालणे उरकावे. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या ‘समीर’ ॲपवर जवळच्या केंद्रावरचा हवेचा निर्देशांक पाहता येतो. एकत्र स्वयंपाकात सगळ्यांचे मीठ कमी होत नसेल, तर निदान ताटातले वरचे मीठ, लोणचे आणि पापड आपल्यापुरते बंद करता येतात.

काही औषधेही याच पानावर येतात. स्टेरॉइडने साखर वाढते, मानसिक आजारांवरच्या काही औषधांनी वजन वाढते. ती स्वतःहून थांबवणे धोक्याचे आहे. पर्याय आहे का, हे मात्र डॉक्टरांना जरूर विचारावे.

किती फरकाची अपेक्षा धरावी

अमेरिकेत २००२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या चाचणीत मधुमेहाच्या उंबरठ्यावर असलेल्या लोकांचा आहार आणि व्यायाम सुधारल्यावर मधुमेह होण्याचे प्रमाण ५८ टक्क्यांनी घटले. चेन्नईत डॉ. ए. रामचंद्रन यांनी केलेल्या, २००६ च्या भारतीय चाचणीत ही घट २८.५ टक्के होती: तीन वर्षांत नुसता सामान्य सल्ला मिळालेल्या गटात शंभरांतील ५५ जणांना मधुमेह झाला, जीवनशैली बदललेल्या गटात सुमारे ३९ जणांना. आपण भारतीयांसाठी दुसरा आकडा समोर ठेवावा. तो लहान दिसतो, पण त्या चाचणीत लोकांचे वजन फारसे उतरले नव्हते आणि तरीही फायदा झाला, ही त्यातली मोलाची गोष्ट आहे. काटा हलत नाही म्हणून चालणे सोडणाऱ्याने हे वाक्य वहीत लिहून ठेवावे.

व्यायामाने दमसास वाढण्याचे प्रमाणही प्रत्येकाचे वेगळे असते. अमेरिका आणि कॅनडातील ‘हेरिटेज’ या कौटुंबिक अभ्यासात सर्वांना सारखाच व्यायाम २० आठवडे दिला गेला, तेव्हा काहींची क्षमता भरघोस वाढली, काहींची जेमतेम; या फरकाचा जवळपास निम्मा भाग कुटुंबागणिक ठरलेला दिसला. म्हणून तुलना शेजाऱ्याशी करण्याऐवजी आपल्याच तीन महिन्यांपूर्वीच्या आकड्याशी करावी. मात्र चालताना छातीत दडपण, जबड्यात किंवा डाव्या हातात कळ, चक्कर किंवा नेहमीपेक्षा जास्त धाप जाणवली तर थांबून त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे. आणि इन्सुलिन किंवा साखर उतरवणारी गोळी चालू असलेल्याने व्यायाम वाढवण्यापूर्वी मात्रेविषयी विचारून घ्यावे.

शेवटी तपासण्यांचे वेळापत्रक. रक्तदाब आणि साखर तिशीपासून, पहिले पान जड असेल तर वर्षातून एकदा. उपाशीपोटी साखर १०० ते १२५ मिलिग्रॅम (दर डेसिलिटर रक्तात) किंवा एचबीए१सी, म्हणजे गेल्या सुमारे तीन महिन्यांतल्या साखरेची सरासरी दाखवणारी चाचणी, ५.७ ते ६.४ टक्के आल्यास मधुमेहाचा उंबरठा ओलांडण्याआधीचा टप्पा समजावा. रक्तक्षय असलेल्या स्त्रियांत एचबीए१सी फसवा येऊ शकतो, तेव्हा ग्लुकोज पिऊन दोन तासांनी केलेली चाचणी अधिक विश्वासार्ह ठरते. कोलेस्टेरॉलसोबत लायपोप्रोटीन (ए), म्हणजे रक्तात कोलेस्टेरॉल वाहून नेणारा एक कण, आयुष्यात एकदा तपासावे. ते जवळपास पूर्णपणे अनुवंशाने ठरते, आहाराने हलत नाही, आणि ते जास्त निघाल्यास बाकीच्या आकड्यांबाबत डॉक्टर अधिक काटेकोर होतात. कमर आणि खुर्चीची चाचणी दर तीन महिन्यांनी, पहिले पान दर वाढदिवसाला. वर्षभरात नात्यात कोणाला नवे निदान झाले असेल तर ते वयासह जोडावे, आणि त्या पानाचा फोटो सख्ख्या भावंडांना पाठवावा, कारण त्यांचेही पहिले पान बहुतांशी हेच आहे.